पाउल शियरबेक: कमी वाजवणारा सिनेसंगीतकार

1955 साली व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात 'ऑर्डेट' या डॅनिश चित्रपटाला सुवर्णसिंह मिळाला. त्याचा संगीतकार म्हणून नाव लागतं पाउल शियरबेकचं. हा माणूस 9 फेब्रुवारी 1949 रोजी वारला होता. चित्रपट लोकांसमोर आला तेव्हा त्याला जाऊन सहा वर्षं होत आली होती. दिग्दर्शक कार्ल थेओडोर ड्रायरला हयात संगीतकार मिळत नव्हते म्हणावं, तर कोपनहेगनमध्ये तेव्हा एकापेक्षा एक संगीतकार होते. तरी त्याने एका दिवंगत माणसाचं आधीच लिहून झालेलं संगीत घेतलं. तेही इतकं थोडं, की दोन तासांच्या चित्रपटात ते कधी आलं आणि कधी गेलं हे बऱ्याच जणांना कळतसुद्धा नाही.

ड्रायरबद्दल जगभर पुस्तकं निघाली, फिल्म सोसायट्यांमध्ये त्याचे चित्रपट आजही लागतात. शियरबेक मात्र त्या पुस्तकांच्या तळटीपांतच राहिला. सिनेमावाल्यांना त्याचं नाव माहीत असलंच तर दोन चित्रपटांमुळे: 1943 चा 'व्रेडेन्स डाग' (म्हणजे क्रोधाचा दिवस) आणि 1955 चा 'ऑर्डेट' (म्हणजे शब्द). पार्श्वसंगीत नेमकं काय करतं, ते कुठे लागतं आणि कुठे नको असतं, हे समजून घ्यायचं असेल तर माझ्या मते या माणसाइतकं सोपं उदाहरण नाही. शंभर चित्रपट करणाऱ्याच्या कामात या गोष्टी गर्दीत हरवतात. याच्याकडे मोजकंच आहे, त्यामुळे एकेक निर्णय वेगळा दिसतो.

शियरबेक 8 जून 1888 चा. डेन्मार्कचा सगळ्यात मोठा संगीतकार कार्ल नील्सन हा त्याचा गुरू. दुसरा गुरू थॉमस लाउब. लाउबचं नाव डेन्मार्कबाहेर फारसं कुणाला माहीत नाही, पण इथे तोच जास्त महत्त्वाचा आहे. चर्चमध्ये गायल्या जाणाऱ्या भजनांच्या चाली 19 व्या शतकात फार गोडगोड आणि भावविवश झाल्या, असं लाउबचं म्हणणं होतं. त्या सोडाव्यात आणि धर्मसुधारणेच्या काळातल्या, त्याहूनही जुन्या, साध्या चालींकडे परत जावं, यासाठी तो आयुष्यभर भांडला. नील्सनलाही साधेपणाचं वेड होतं, पण ते लोकगीताच्या अंगाने. शाळेतल्या पोराला एकदा ऐकून म्हणता यावी अशी चाल बांधायची, हा त्याचा ध्यास. या दोघांच्या हाताखाली शिकलेला माणूस आतषबाजी करणारा संगीतकार होणं कठीणच होतं.

1916 मध्ये शियरबेक कोपनहेगनच्या उत्तरेला समुद्रकाठच्या स्कोव्हसहोवेड नावाच्या कोळ्यांच्या गावात चर्चचा ऑर्गनवादक झाला, आणि मरेपर्यंत, म्हणजे तेहतीस वर्षं, तीच नोकरी करत राहिला. शिवाय 1931 पासून कोपनहेगनच्या रॉयल कन्झर्व्हेटरीत तो वाद्ययोजना शिकवायचा. एखादी ओळ व्हायोलिनला द्यावी की बासरीला, दोन्ही एकत्र वाजवली तर काय होतं, शंभर वाद्यं हाताशी असताना पाचच कधी वापरावीत, हा तो विषय. त्याच्या नावावर एक सिम्फनी आहे, 'फेत गालांत' नावाचा ऑपेरा आहे, आणि 'चिनी बासरी' हा गीतांचा संच आहे. या गीतांचे शब्द हान्स बेटगेने जर्मनमध्ये आणलेल्या जुन्या चिनी कवितांचे. त्याच कवींचे शब्द ऑस्ट्रियन संगीतकार माहलरनेही वापरले होते.

ही यादी वाचून कुणाला वाटेल, चला, एक मध्यम दर्जाचा, आदरणीय, विसरला गेलेला माणूस. पण डेन्मार्कमध्ये त्याची एक चाल रस्त्यावरचा कुणीही गुणगुणू शकतो. परीकथावाल्या हान्स अँडरसनने 1850 मध्ये, श्लेस्विगच्या लढाईच्या दिवसांत, एक देशगीत लिहिलं होतं: डेन्मार्कमध्ये मी जन्मलो, तिथे माझं घर, तिथे माझी मुळं. हेन्रिक रुंगने तेव्हाच त्याला चाल लावली होती. 1926 मध्ये शियरबेकने त्याच शब्दांना नवी चाल दिली आणि ती लोकांच्या तोंडी बसली. शाळा, लोकविद्यापीठं, घरगुती समारंभ, सगळीकडे ती चालते. 1940 च्या एप्रिलमध्ये जर्मन फौजा देशात घुसल्या, आणि त्याच उन्हाळ्यात लोक चौकाचौकांत, बागांमध्ये जमून एकत्र गाऊ लागले. बंदुकीने उत्तर देण्याची सोय नव्हती, मग गाणी म्हटली. अशा वेळी देशगीताची चाल ज्याच्या नावावर आहे तो माणूस किती मोठा ठरायला हवा! पण लोकांच्या तोंडी बसलेल्या चालीचा बाप कोण हे फारसं कुणी विचारत नाही. तेव्हाही विचारलं नाही, आताही विचारत नाहीत.

आता चित्रपटाकडे. पार्श्वसंगीताची भानगड समजून घ्यायला आधी एक साधा फरक लक्षात घ्यावा लागतो. पडद्यावर लग्न चालू आहे आणि कोपऱ्यात बसलेला माणूस सनई वाजवतोय: ही सनई पात्रांनाही ऐकू येते. पण नायिका रेल्वेच्या डब्यात एकटी रडतेय आणि तीस व्हायोलिनं वाजू लागतात, ती तिला ऐकू येत नाहीत. डब्यात वाद्यवृंद बसलेला नसतो. ती फक्त आपल्यासाठी असतात. पहिल्या प्रकाराला गोष्टीच्या आतलं संगीत म्हणू, दुसऱ्याला गोष्टीबाहेरचं. चित्रपट बघताना आपण हा फरक करत बसत नाही, आणि करू नये अशीच सोय केलेली असते. बाहेरचं संगीत दिग्दर्शकाच्या वतीने आपल्या कानात सांगत असतं: आता घाबर, आता हळवा हो, हा माणूस खोटं बोलतोय.

या दुसऱ्या प्रकाराची सवय जगाला मूकपटांनी लावली. पडद्यावर आवाज नव्हता, तेव्हा थिएटरात पियानोवाला किंवा वाद्यवृंद बसायचा. बोलपट आले तशी ती वादक मंडळी फिल्मच्या कडेवरच्या ध्वनिपट्टीत गेली. डेन्मार्क यात मागे नव्हता. आक्सेल पेटरसन आणि आर्नॉल्ड पाउल्सन या दोन अभियंत्यांनी 1923 मध्येच कोपनहेगनमध्ये फिल्मवर मुद्रित केलेल्या आवाजाचं प्रात्यक्षिक दाखवलं होतं. तिथला पहिला पूर्ण बोलपट मात्र यायला 1931 उजाडलं.

संगीतकाराचं काम सुरू होतं ते साधारणपणे चित्रपटाचं संकलन झाल्यावर. फिल्म सेकंदाला 24 चौकटींच्या वेगाने धावते, म्हणजे मिनिटाला 1440 चौकटी, आणि 35 मिलिमीटरच्या फिल्मचे 90 फूट. दार उघडतं ते अमुक फुटावर, किंकाळी येते ती अमुक फुटावर, असं कोष्टक संगीतकाराच्या हातात पडतं. त्या मापात त्याला सूर बसवायचे असतात. मैफिलीत गायकाला आलाप लांबवता येतो. इथे तशी मुभा नाही. दृश्य 47 सेकंदांचं असेल तर 47 सेकंदांतच काय ते म्हणायचं. चर्चच्या ऑर्गनवादकाला अशा कामाची थोडी सवय असते. पाद्रीबुवा वेदीपर्यंत चालत जाईपर्यंत वाजवायचं, ते पोचले की दोन सुरांत आवरतं घ्यायचं, आणि प्रार्थना चालू असताना गप्प बसायचं. शियरबेक हे दर रविवारी करत आला होता.

ड्रायरचा आधीचा मोठा चित्रपट 'व्हँपायर' 1932 चा. तो चालला नाही, आणि त्यानंतर दहा वर्षं त्याला कथापट करायला मिळाला नाही. मधल्या काळात त्याने पत्रकारिता केली. अखेर पलाडियम कंपनीने पैसे घातले आणि 13 नोव्हेंबर 1943 रोजी 'व्रेडेन्स डाग' कोपनहेगनमध्ये झळकला. ती वेळ बघा: ऑगस्टच्या अखेरीस डॅनिश सरकारने राजीनामा दिला होता आणि जर्मनांनी लष्करी कायदा पुकारला होता. ऑक्टोबरमध्ये तिथल्या ज्यू लोकांना रातोरात मासेमारीच्या होड्यांतून स्वीडनला पोचवलं गेलं होतं. अशा वातावरणात लोकांनी पडद्यावर काय बघितलं, तर 1623 सालातलं एक गाव, चेटकीण ठरवून पकडली जाणारी म्हातारी, तिच्याकडून कबुली काढणारे धर्मपंडित, आणि एकमेकांकडे संशयाने बघणारी माणसं. हे नाझींबद्दल आहे असं ड्रायर कधी म्हणाला नाही. प्रेक्षकांना ते सांगावंही लागलं नसणार.

गोष्ट थोडक्यात अशी. वयस्क पाद्री आब्सालोनने तरुण आन्नाशी दुसरं लग्न केलंय. आन्नाच्या आईवरही एकेकाळी चेटकाचा आळ होता, तो आब्सालोनने दाबून टाकला होता. म्हातारी हेर्लोफ्स मार्टा पकडली जाते, वाचवण्यासाठी आब्सालोनच्या पाया पडते, पण तिला जाळलं जातं. याच दिवसांत आब्सालोनचा आधीच्या बायकोपासून झालेला मुलगा मार्टिन घरी येऊन राहतो, आणि सावत्र आई व तो प्रेमात पडतात. पुढे आब्सालोन मरतो, आणि त्याची आई सुनेकडे बोट दाखवते: हिने चेटूक केलं.

चित्रपटाचं नावच एका जुन्या लॅटिन स्तोत्रावरून आलंय. 'दिएस इरे' म्हणजे क्रोधाचा दिवस, कयामतीचा दिवस. बायबलमधल्या सफन्याच्या पुस्तकातल्या वचनांवर आधारलेलं हे स्तोत्र 13 व्या शतकातलं, आणि मृतांसाठीच्या प्रार्थनेत ते शतकानुशतकं गायलं गेलं. तीन-तीन ओळींची कडवी, ओळीत आठ अक्षरं, शेवटी यमक. आपल्या अष्टाक्षरी ओवीचा ठेका कानात असणाऱ्याला हे लगेच पकडता येईल. चालसुद्धा पेटीवर वाजवून बघण्याइतकी सोपी आहे. कोमल गंधार, रिषभ, कोमल गंधार, षड्ज. मग रिषभ, मंद्र सप्तकातला कोमल निषाद, षड्ज, षड्ज. काफी थाटाच्या सुरांत हे सगळं बसतं. पहिले दोन सूर एकमेकांना अगदी चिकटलेले, फक्त अर्ध्या सुराचं अंतर, आणि मग खाली पडणं. दोनदा वाजवलंत की अंगावर काटा का येतो ते कळेल. युरोपातल्या संगीतकारांनी या आठ सुरांचा भुतासारखा पाठपुरावा केला. बेर्लिओझने 1830 मध्ये आपल्या सिम्फनीत चेटकिणींच्या नाचासाठी ते वापरले, पुढे लिस्टने वापरले, राखमानिनोव्हने तर पुन्हा पुन्हा. आज इंग्रजी भयपटात मरण जवळ आलं की हेच चार सूर कुठेतरी दबक्या आवाजात ऐकू येतात.

इतकं वापरून झिजलेलं साधन हातात घ्यायचं म्हणजे धोकाच. लाउबचा चेला असल्यामुळे शियरबेक त्यातून सुटला, असं मला वाटतं. बेर्लिओझसाठी हे स्तोत्र म्हणजे नाट्यगृहातलं भूत होतं. शियरबेकसाठी ती गायला शिकवायची गोष्ट होती. चित्रपट उघडतो तो स्तोत्राच्या लेखाने. जुन्या पोथीसारख्या कागदावर कडवी चित्रांसकट वर सरकत जातात आणि वाद्यवृंद वाजत असतो. हे गोष्टीबाहेरचं संगीत. पण पुढे ड्रायर आणि शियरबेक तेच स्तोत्र उचलून गोष्टीच्या आत आणून ठेवतात.

म्हातारीला जाळण्याआधी आपल्याला गावातली पोरं दिसतात. गाणं शिकवणारे मास्तर समोर उभे, आणि मुलं तालीम करतायत. कशाची? बाईला जाळताना म्हणायच्या स्तोत्राची. शाळेच्या स्नेहसंमेलनाची तयारी चालावी तशी ही तालीम चालते: सूर नीट लागला पाहिजे, सगळ्यांनी एकदम सुरुवात केली पाहिजे. मग जाळण्याचा प्रसंग. म्हातारीला शिडीला बांधलेलं आहे, शिडी उभी केली जाते, आणि तोंडावर आगीत पाडली जाते. पोरं तिथेच रांगेत उभी राहून गात असतात. आवाज कोवळे, स्वच्छ, शिकवल्याप्रमाणे बरोबर.

इथे बाहेरचे ढोल-कर्णे वाजले असते तर दिग्दर्शकाने आपल्याला सांगितलं असतं की हे भयंकर आहे. ते तर आपल्याला दिसतंच आहे. मुलांच्या गाण्यामुळे दुसरी एक गोष्ट कळते: या गावात हे भयंकर नाही. हा इथला रिवाज आहे, त्याचं गाणं ठरलेलं आहे, त्याची तालीम होते, आणि मुलांना ते पाठ असतं. ज्या चर्चमध्ये माणसाला जाळायचा निकाल होतो, त्याच चर्चची गोड बाजू म्हणजे ही पोरं. संगीताने दृश्याचा अर्थ अधोरेखित करण्याऐवजी त्यात स्वतःची एक वेगळी माहिती घातली. पार्श्वसंगीत शिकणाऱ्या कुणालाही मी आधी हा प्रसंग दाखवीन, आणि त्यासाठी मोठ्या वाद्यवृंदाची गरज नाही हेही सांगेन.

याच चित्रपटात संगीत कुठे नाही तेही बघण्यासारखं आहे. अगदी सुरुवातीला मार्टा एका बाईला औषध देत असते, जडीबुटी. दूरवर घंटा वाजू लागते, माणसांचा कल्लोळ ऐकू येतो. मार्टा ओळखते की हे आपल्यासाठीच येतायत. कुणी दिसत नाही, नुसता आवाज. मग मार्टाच्या छळाचा प्रसंग: कॅमेरा धर्मपंडितांच्या चेहऱ्यांवरून सावकाश फिरत राहतो, आणि किंकाळी त्यांच्या बाजूने ऐकू येते. एकही सूर नाही. पाद्र्याच्या घरात भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक. आब्सालोन एका मरणाऱ्याला भेटून रात्री घरी परततो तेव्हा घोंगावणारा वारा. संगीतकाराला मिळालेल्या चित्रपटात इतक्या मोठ्या जागा रिकाम्या ठेवायला लावणं म्हणजे दिग्दर्शकाची हिंमत. त्या बिनतक्रार रिकाम्या राहू देणं ही संगीतकाराची.

एक तक्रार मात्र आहे. आन्ना आणि मार्टिन कुरणात भटकतात, नदीत होडीत बसतात, तेव्हा तंतुवाद्यांचं मऊ, भरघोस संगीत येतं. युक्ती समजते: घरातली शांतता आणि टिकटिक एकीकडे, बाहेरचं मोकळं ऊन आणि सूर दुसरीकडे. पण कानाला ते काही ठिकाणी जरा जास्तच साखरेचं लागतं. गोडगोड भजनांवर चिडणाऱ्या लाउबला हे ऐकून काय वाटलं असतं कुणास ठाऊक. कदाचित त्या दोघांचं प्रेमच तसं भाबडं आहे आणि संगीत तेच सांगतंय, असाही बचाव करता येईल. मला तो पूर्ण पटत नाही.

चित्रपट लागला तेव्हा समीक्षकांची ओरड संगीताबद्दल नव्हती, संथपणाबद्दल होती. किती हळू चालतो हा! काही आठवड्यांनी ड्रायरने वर्तमानपत्रात लेख लिहून आपली बाजू मांडली. गोष्टीची लय प्रसंगातून आणि वातावरणातून यावी लागते, असं त्याचं म्हणणं. त्याच लेखात त्याने संगीताबद्दलही लिहिलं, आणि ते मजेशीर आहे. जिथे शब्द संपतात तिथे संगीत सुरू होतं, हे कवी हाइनेचं वचन त्याने मान्य केलं. संगीत नीट वापरलं तर चित्रांनी किंवा संवादांनी आधीच तयार केलेल्या मनःस्थितीला ते खोली देतं, हेही मान्य केलं. आणि मग आशा व्यक्त केली की ज्यांना संगीताची गरजच पडत नाही असे बोलपट यापुढे जास्त जास्त निघावेत. संगीतकाराशी इतकं जुळलेलं असतानाच त्याने हे छापून आणलं! शियरबेकला याचं वाईट वाटलं असेल असं धरायचं कारण नाही. चित्रपटातली त्याची कामगिरी बघता दोघांचं या बाबतीत एकमतच असावं.

यानंतर ड्रायर स्वीडनला गेला. तिथे त्याने जो चित्रपट केला तो त्याला स्वतःलाच आवडला नाही. युद्ध संपलं. शियरबेक स्कोव्हसहोवेडला ऑर्गन वाजवत राहिला, शिकवत राहिला आणि 1949 मध्ये, साठ वर्षांचा असताना, गेला.

'ऑर्डेट' ज्या नाटकावरून आला त्याचा लेखक काइ मुंक हा जटलंडच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या व्हेडरसे गावचा पाद्री. नाझींविरुद्ध उघड बोलायचा म्हणून जानेवारी 1944 मध्ये गेस्टापोने त्याला घरातून नेलं आणि गोळ्या घातल्या. ड्रायरने बाहेरची दृश्यं त्याच गावच्या परिसरात चित्रित केली. 126 मिनिटांच्या या चित्रपटात फक्त 114 शॉट आहेत, म्हणजे एकेक शॉट सरासरी मिनिटभरापेक्षा लांब. कॅमेरा खोलीत हळूहळू फिरतो, माणसं उठतात, बसतात, कॉफी पितात, धर्मावर वाद घालतात. अशा लयीत पार्श्वसंगीत घालायला गेलं तर ते सगळं बुडवून टाकेल. म्हणून ड्रायरने संगीत कडेला ठेवलं. आत राहिला तो वारा, गुरांचं हंबरणं, शिंप्याच्या घरी जमलेल्या भाविकांचं भजन, आणि पुन्हा एकदा घड्याळ.

घड्याळाची गंमत अशी. बोर्गेन कुटुंबाची सून इंगर बाळंतपणात मरते. घरातलं घड्याळ थांबवलं जातं. तोवर ती टिकटिक इतकी सतत चालू होती की आपण ती ऐकणं सोडून दिलेलं असतं. थांबल्यावर ती पहिल्यांदा ऐकू येते. शेवटी, ज्यांनी चित्रपट बघितला नाही त्यांच्यासाठी जास्त फोड करत नाही, धाकटा मुलगा जाऊन घड्याळ पुन्हा चालू करतो. हा क्षण व्हायोलिनच्या लाटेवर चढवायचा मोह नव्वद टक्के दिग्दर्शकांना झाला असता. ड्रायरने तो लंबकावर सोडला.

आता सुरुवातीचा प्रश्न उरतो. इतकं थोडं संगीत हवं होतं तर नव्या माणसाकडून का नाही करून घेतलं? माझा अंदाज सरळ आहे. कमी लिहिणारा संगीतकार शोधणं फार अवघड असतं. ज्याला काम मिळालंय त्याला आपलं काम दिसावं असं वाटतं, आणि त्यात गैर काही नाही. मृताचं संगीत मात्र हवं तेवढं कापता येतं, आणि शियरबेकच्या हातची वीण ड्रायरला ओळखीची होती.

डॅनिश सिनेमात ही संगीताला मागे ठेवायची खोड पुढेही टिकली. 1995 मध्ये लार्स फॉन ट्रिअर आणि टोमास व्हिंटरबर्ग या दिग्दर्शकांनी चित्रपट कसे करावेत याचे नियम सांगणारा 'डॉग्मा 95' चा जाहीरनामा काढला. त्यातला एक नियम असा की आवाज चित्रापासून वेगळा तयार करायचा नाही, आणि जिथे प्रसंग चित्रित होतोय तिथे वाजत असेल तेवढंच संगीत. म्हणजे गोष्टीच्या आतलं चालेल, बाहेरचं बंद. या मंडळींनी सगळं पहिल्यांदाच शोधून काढल्याचा आव आणला होता, आणि जाहीरनाम्यांना तो शोभतोही. पण 'व्रेडेन्स डाग' मधली ती गाणारी पोरं या नियमातून सहज पास झाली असती, पन्नास वर्षं आधी. फॉन ट्रिअरला ड्रायर किती जवळचा, हे तर जगजाहीर आहे. ड्रायरने लिहून ठेवलेल्या पटकथेवरून त्याने 1988 मध्ये टीव्हीसाठी 'मेडेआ' केला होता.

शियरबेकचा हात ड्रायरकडे आणखी एका वाटेने पोचला. त्याच्याकडे शिकलेल्यांपैकी एक होता येर्गन येरसिल्ड. हा पुढे पॅरिसला जाऊन आल्बेर रुसेलकडे शिकला, परत येऊन स्वतः प्राध्यापक झाला, आणि कान तयार करण्यावरची, लयवाचनावरची त्याची पाठ्यपुस्तकं संगीताचे विद्यार्थी वापरू लागले. 1964 मध्ये ड्रायरने आपला शेवटचा चित्रपट 'गर्ट्रुड' केला, तेव्हा संगीत या येरसिल्डचं होतं. गुरूचं संगीत दोन चित्रपटांत, शिष्याचं तिसऱ्यात.

'गर्ट्रुड' ची नायिका एकेकाळची गायिका आहे आणि तिचा तरुण प्रियकर संगीतकार. म्हणजे पियानो खोलीतच असतो, संगीत बाहेरून आणायची वेळच येत नाही. एका मेजवानीत लोकांच्या आग्रहाखातर ती शूमानचं एक गीत गायला उभी राहते. साथीला पियानोवर तोच प्रियकर, ज्याने तिला दुखावलंय. गीताचा आशय असा की माझं काळीज फुटलं तरी मी रागावणार नाही. ती गाऊ लागते आणि गीत पुरं व्हायच्या आत कोसळते. गाणं अर्ध्यावर तुटतं, आणि ती तुटलेली जागा ना येरसिल्ड भरून काढत, ना ड्रायर.

चित्रपट बघायचे तर 'व्रेडेन्स डाग' पासून सुरुवात करा, आणि शक्यतो हेडफोन लावून. टिकटिक आणि वारा टीव्हीच्या स्पीकरवर निम्मे गायब होतात. शियरबेकचं देशगीत ऐकायचं असेल तर डॅनिश समूहगायनाची कितीतरी ध्वनिमुद्रणं इंटरनेटवर मिळतात. फक्त रुंगची चाल आधी हाती लागण्याची शक्यता आहे. चाल कुणाची ते बघून घ्या.